तो आकडा मी बदलला होता

सुनंदा,

गेल्या आठवड्यात तुझ्या शोकसभेत पहिलं बोलायला मलाच उभं केलं. विभागप्रमुख, त्यातून तुझा जुना शिक्षक, म्हणजे मान माझाच. मी सात-आठ मिनिटं बोललो. अभ्यासू, विद्यार्थिप्रिय, हसतमुख, विभागाची कधीही भरून न येणारी हानी. प्राचार्यांनी मान डोलावली, तुझ्या नवऱ्यानं हात जोडले. खाली बसलो तेव्हा शेजारचे सर खांद्यावर थोपटून "छान बोललात" म्हणाले. मला स्वतःची एवढी किळस आजवर कधी आली नव्हती.

कारण जे बोलायचं होतं ते मी बोललोच नाही. म्हणून हे लिहितोय. मनीषाच्या पोस्टरवरचा आकडा मनीषानं बदलला नव्हता, सुनंदा. मी बदलला होता.

बघ, निष्कर्ष आधीच लिहून मोकळा झालो. तू असतीस तर म्हणाली असतीस, "सर, तुमचं उत्तर कायम प्रयोगाच्या आधीच तयार." हे तू इतक्यांदा म्हणालीस की मला त्यात फक्त थट्टा ऐकू यायची.

आपल्याकडं केमिस्ट्रीचं प्रॅक्टिकल कसं चालतं ते तुला सांगायला नको. ब्युरेटमधून थेंब थेंब सोडायचा, रंग बदलला की थांबायचं आणि आकडा लिहायचा. फक्त आकडा आधी ठरलेला असतो. गेल्या वर्षीच्या पोरांची जर्नलं पुढच्या वर्षीच्या पोरांच्या हातात येतात. परीक्षेच्या दिवशी लॅब असिस्टंट टेबलांमधून फिरताना पुटपुटतो, "दहा पॉइंट दोनच्या आसपास ठिवा." मग पोरं उत्तरावरून उलटं गणित करून रीडिंग बसवतात. मॅच करणं म्हणतात त्याला. मी असाच पास झालो, असंच शिकवत आलो, आणि ज्याचं मॅच झालं त्याला पैकीच्या पैकी देत आलो.

तू सेकंड इयरला असतानाची गोष्ट मी विसरलो होतो, तूच आठवण करून दिलीस. सगळ्या वर्गाचं दहा पॉइंट दोन आणि तुझं एकटीचं अकरा पॉइंट चार. तीनदा करून तीनदा तेच. तू वही घेऊन टेबलाशी आलीस तेव्हा मी वर न बघता म्हणालो होतो, "बाकीच्यांचं बघून लिही." आणि तू लिहिलंस. पुढं नेट-सेट करून आमच्याच विभागात शिकवायला आलीस, त्या पहिल्या आठवड्यात चहा पिताना सहज म्हणालीस, "सर, त्या दिवशी माझं वेगळं का आलं ते मला अजून माहीत नाही. तुम्ही बघू दिलं नाहीत." मी हसून विषय बदलला. विषय बदलण्यात माझा हात कुणी धरणार नाही.

मग तुझा तो हट्ट सुरू झाला. नव्या अभ्यासक्रमात संशोधनाचा प्रकल्प आला, त्याला क्रेडिट आले, पण ते चौथ्या वर्षाला. मी म्हणालो, बरं झालं, चौथ्या वर्षाचं चौथ्या वर्षी बघू. तू माझ्यासमोर हजेरीपट ठेवलास. "सर, चौथ्या वर्षापर्यंत यातल्या किती पोरी राहणारेत? निम्म्यांची लग्नं होतील. काही पोरं कारखान्यात लागतील. त्यांनी आयुष्यात एकदाही, उत्तर माहीत नसलेला प्रयोग करायचा नाही का?" मी म्हणालो, यांना साधा एंड पॉइंट कळत नाही आणि संशोधन कसलं करतात, शंभरात चौघांना जमेल. तू म्हणालीस, "मग उरलेल्या शहाण्णवांना चुकू द्या की. चुकायला तरी कॉलेजात जागा असू द्या."

हा वाद आपला संपलाच नाही. स्टाफरूममध्ये, पार्किंगमध्ये, तुझ्या स्कूटीला टेकून. भांडगावहून चौफुल्यामार्गे नदी ओलांडून तू यायचीस, वाटेत उसाच्या ट्रॅक्टरमागं अडकलीस की उशीर व्हायचा, आणि हेल्मेट काढायच्या आधी कालचा मुद्दा पुढं चालू. मला वैताग यायचा. आता सांगतो, त्या वैतागात मजाही होती. आमच्या वयाच्या मास्तरांशी भांडायला कोण येतं? सगळे "हो सर" म्हणतात आणि आपापलं पीएफचं बघतात.

शेवटी कंटाळून मी परवानगी दिली. "एक तुकडी घे आणि काय घालायचा तो गोंधळ घाल." तू घातलास. सेकंड इयरच्या पोरांना सांगितलंस, आपण नेहमी पितो तिथलं पाणी आणा. काय ती बाटल्यांची वरात आली! कोल्ड्रिंकच्या, खोकल्याच्या औषधाच्या, एकानं लोणच्याची बरणी आणली तर पाण्यावर तेलाचा तवंग. मांडवगण फराट्याचा बोअर, कुणाची विहीर, कुणाच्या गावची टाकी, शेततळं. तू बरणीवाल्याला रागावली नाहीस. "आता बाटली कशी धुवायची हे तू वर्गाला शिकव" म्हणालीस. आणि पक्क्या जर्नलला मार्क द्यायचं बंद केलंस. मार्क कच्च्या वहीला. त्यात व्हाइटनर नाही, पान फाडायचं नाही, चुकलं तर एक रेघ मारायची आणि शेजारी सही करायची. सगळे म्हणाले, ह्या मॅडम खाडाखोडीला मार्क देतात. मीही त्यात होतो. मीच पहिला म्हणालो असेन.

पण तुझ्या त्या लॅबमधून जाताना मला एक गोष्ट दिसायची आणि मी ती कबूल करत नव्हतो. पोरं एकमेकांच्या वहीत डोकावत होती, पण उतरवून घ्यायला नाही. "तुझं एवढं कसं काय आलं रे?" असं विचारायला. इतक्या वर्षांत मी हा प्रश्न माझ्या प्रयोगशाळेत ऐकला नव्हता.

मनीषा त्याच तुकडीतली. वडगाव रासाईच्या वस्तीवरची, धनगराची पोर. आजा मेंढरं घेऊन गावोगाव फिरलेला, बाप आता दोन एकरात ऊस करतो. अंगानं एवढीशी, बोलायला बसली की शब्द मोजून. तिनं वस्तीच्या विहिरीचं पाणी आणलं आणि त्यातला नायट्रेट काढला. युरिया शेतातून मुरत विहिरीत उतरतो, तो हाच. आम्ल घालून केलं की पाणी पिवळं होतं, जितका नायट्रेट जास्त तितकं पिवळं, मग यंत्रावर आकडा. बाकीच्या गावांचे दहा, पंधरा, पंचवीस. पंचेचाळीसच्या वर गेलं की ते पाणी पिऊ नये, तान्ह्या लेकराला तर अजिबात देऊ नये. मनीषाचा आकडा एकशे बारा. तू तिला पाच वेळा करायला लावलंस. पाचही नोंदी कच्च्या वहीत, एकीवर रेघ आणि सही.

मग कॉलेज तपासायला कमिटी आली, तिला दाखवायला पोरांनी आपापल्या पाण्याच्या आकड्यांची पोस्टरं केली. आदल्या दिवशी कॉलेजचं लग्नघर झालं होतं. तू हॉलमध्ये पोरांना बोलायचं कसं ते शिकवत होतीस. दुपारी शिरूरच्या फ्लेक्सवाल्यानं सगळी पोस्टरं छापण्याआधी माझ्या मोबाईलवर पाठवली, सर एकदा बघून घ्या म्हणून. मी चष्मा वर करून एकेक बघत गेलो. मनीषाच्या तक्त्यात दहा, पंधरा, पंचवीस आणि मधेच एकशे बारा. सुनंदा, मी तुला खरं सांगतो, माझ्या मनात काही कपट नव्हतं. कुणाला वाचवायचं नव्हतं. माझ्या मनात काहीच नव्हतं. नजर थेट त्या आकड्यावर गेली आणि हात आपोआप फोनकडं गेला. "अरे, ते एकशे बारा नाही, बारा आहे. पुढचा एक चुकून पडलाय. काढ तो." तो म्हणाला, काढला सर. अर्ध्या मिनिटाचं काम. तुला विचारायला पायऱ्या उतरून हॉलपर्यंत यावं लागलं असतं, तेही मी केलं नाही.

मॅच केलं मी. आयुष्यभर पोरांना शिकवलं ते स्वतः करून दाखवलं.

कमिटीनं पोस्टरांची स्तुती केली. सगळ्यांचे फोटो मी हौसेनं कॉलेजच्या ग्रुपवर टाकले. तू दमून आनंदात होतीस, आणि संध्याकाळी पोस्टरं गुंडाळताना तुझी नजर त्या तक्त्यावर गेली.

दुसऱ्या दिवशी लॅबमध्ये तू मनीषाला बोलावलंस. मी कपाटापाशी होतो, रसायनांची यादी हातात. तू तिच्यासमोर कच्ची वही उघडलीस आणि शेजारी पोस्टर. "हे काय?"

"म्या न्हाई बदललं मॅडम."

"पेन ड्राइव्ह तूच दिलास ना?"

"व्हय. पन त्यात एकशे बाराच हुतं. आईशप्पत."

"मग काय फ्लेक्सवाल्यानं बदललं?" तू म्हणालीस.

आणि मी हसलो. तुला आठवतं का माहीत नाही. तुझ्या बोलण्यावर मी कपाटापाशी उभा राहून हसलो, जणू त्या पोरीचा खोटेपणा आपल्या दोघांनाही कळलाय. त्या हसण्यानं तिची उरलीसुरली बाजू पडली. तू हळू आवाजात म्हणालीस, "आकडा बदललास त्याचं दुःख नाही मनीषा. खोटं बोलतेस त्याचं आहे." पुण्याच्या प्रयोगशाळेतल्या प्रशिक्षणासाठी तू तिचं नाव दिलं होतंस, ते काढून घेतलंस. ती मान खाली घालून उभी राहिली. वाक्य माझ्या ओठावर होतं, खोटं नाही सांगत, अगदी ओठावर. पण मी यादीत डोकं घातलं. विभागप्रमुख, पस्तीस वर्षांची नोकरी, दोन वर्षांवर निवृत्ती. एवढ्या बोज्याखाली जीभ रेटली नाही. उद्या सांगू म्हटलं. उद्या तुला ताप होता.

साधा ताप म्हणून गेलीस आणि पुण्याच्या दवाखान्यात अडकलीस. मी एकदाच भेटायला आलो. तुझा नवरा औषधं आणायला खाली गेला होता, दुसरी खाट रिकामी होती. हाताला सलाईन, चेहरा उतरलेला, पण डोळे तेच. इकडचं तिकडचं झालं. मग तू म्हणालीस, "सर, मनीषानं तो आकडा का बदलला असेल हो?"

मी म्हणालो, "पोरं घाबरतात. कमिटी म्हटलं की हातपाय गळतात."

"घाबरून केलं असेल तर त्यात रागावण्यासारखं काही नाही," तू म्हणालीस. "सांगून टाकलं की झालं."

"सांगेल की. तू आता डोक्याला त्रास करून घेऊ नकोस."

तू माझ्याकडं बघत राहिलीस. मी मोबाईल काढून वेळ बघितली. "थांबा की थोडं सर," तू म्हणालीस, "मी कुठं जात नाहीये, तुम्हीही नका जाऊ." मी म्हणालो, शिरूरची गाडी चुकेल. शिरूरला दर अर्ध्या तासानं गाडी असते, हे तुलाही ठाऊक होतं आणि मलाही. दारातून मागं वळून मी म्हणालो, पुढच्या आठवड्यात येतो. त्या आठवड्यात तुला भांडगावला आणायची वेळ आली.

शोकसभेच्या दुसऱ्या दिवशी मी वडगाव रासाईला गेलो. मनीषाच्या घरी. आजा ओट्यावर बसला होता, आबा म्हणतात सगळे त्याला. कॉलेजचे मोठे सर आले म्हणून उठून उभा राहायला लागला, मी हातानं बसवलं. मला तोंड उघडायचं होतं, पण त्याच्याकडं आधीच बोलायला खूप साठलं होतं.

"सर, तुमी आला ते बरं झालं. आमच्या पोरीनं सांगितलं, आबा, हिरीचं पानी वाईट हाय, लेकरास्नी देऊ नका. म्या गिरामसभेत उठून सांगितलं, आमच्या वस्तीला टाकीचं पानी द्या. तर सरपंचानं मोबाईल काढला. म्हनला, ह्ये बघा, कॉलेजनंच लिवलंय, बारा हाय, पानी एक नंबर. समदी हसली मला. आता तुमीच सांगा, पोरीचं खरं का कॉलेजचं?"

मी टाकलेला फोटो होता तो. तेवढ्यात चहा आला. मनीषा कप पुढं करत म्हणाली, "घ्या सर, पानी हिरीचं न्हाई, लांबच्या बोअरचं हाय." मला कप धरवेना.

मी सांगितलं. आबासमोर, तिच्या आईसमोर, कुणीतरी तान्हं पोर कडेवर घेऊन दारात उभी होती तिच्यासमोर. फोन कसा केला, काय म्हणालो, लॅबमध्ये कसा गप्प बसलो आणि कसा हसलोही. आबाला सगळं कळलं की नाही देव जाणे. तो एवढंच म्हणाला, "म्हंजी पोरीचं खरं हुतं." आणि तंबाखू मळायला लागला. मला वाटलं होतं कुणी शिव्या घालेल. घातल्या असत्या तर बरं वाटलं असतं.

मी म्हणालो, ग्रामपंचायतीला उद्याच कॉलेजचं पत्र देतो, आकडा एकशे बारा आहे म्हणून. तर मनीषा म्हणाली, "असं कसं देता सर? त्याला दोन म्हैनं झालं. आदी परत तपासा. तुमच्या हातानं." तुझीच शिष्या. तिनं बाटली धुतली, विहिरीच्या पाण्यानं तीनदा खंगाळली, भरली, वर तारीख आणि वेळ लिहिली. दुसऱ्या दिवशी लॅबमध्ये मी ॲप्रन घातला. किती वर्षांनी मी स्वतः प्रयोग करत होतो, आणि उत्तर काय येईल ते मला माहीत नव्हतं.  चंचुपात्रातलं पाणी पिवळं होत गेलं आणि होतच राहिलं. आकडा एकशे अठरा. मी कच्च्या कागदावर लिहिला. मनीषा म्हणाली, "वहीत लिवा सर."

पत्र तयार करून प्राचार्यांकडं नेलं. त्यांनी वाचून चष्मा काढला. "सर, ‘अनवधानानं’ असा शब्द घाला ना. ‘छपाईतील चूक’ म्हणा. कॉलेजचं नाव आहे." मी म्हणालो, अनवधान नव्हतं. विद्यार्थिनीची नोंद बरोबर होती, ती विभागप्रमुख म्हणून मी बदलली, असंच राहू द्या. त्यांनी चष्मा पुन्हा लावला आणि सही केली. पुण्याच्या प्रयोगशाळेलाही लिहिलं, मनीषाचं नाव पुन्हा घ्या म्हणून. काल सेकंड इयरच्या वर्गात उभं राहून सगळं सांगितलं.  तुझ्या तुकडीला पुढच्या वर्षी कोण शिकवणार म्हणून विचारलं कुणीतरी. मी म्हणालो, मी. मला येत नाही, पण मी.

एवढं करून मला थोडं हलकं वाटायला लागलं होतं, सुनंदा. खोटं कशाला बोलू. वाटलं, उशिरा का होईना केलं. तास संपल्यावर मनीषा बाटल्या आवरत होती तेव्हा मी तिला विचारलं, "तू त्या दिवशी लॅबमध्ये एवढ्या ठामपणे म्हणालीस, मग नंतर फ्लेक्सवाल्याला का नाही विचारलंस?"

"इचारलं की," ती म्हणाली. "मॅडम म्हनल्या, फ्लेक्सवाल्यानं बदललं का. म्हनून दोन दिसांनी शिरूरला जाऊन इचारलं. तो म्हनला, तुमच्या सरांचा फोन आलता."

मी हातातलं फडकं खाली ठेवलं. "मग मॅडमना का नाही सांगितलंस?"

"सांगितलं. फोनवर. त्या दवाखान्यात हुत्या तवा. लई रडल्या. मला म्हनल्या, माझं चुकलं मनीषा, माफ कर. त्या हिरीचं पानी कुनी पिऊ नका, म्या बरी झाले की पत्र देते. म्या म्हनलं, सरांना इचारा की. तर म्हनल्या, न्हाई. म्या इचारलं तर ते माझ्यासाठी सांगतील. त्यांचं त्यांना सांगू दे. सर सांगतील."

मी स्टुलावर बसलो. बाटल्या खोक्यात ठेवत ती म्हणाली, "तुमी भेटून आलात ना, त्या दिशी सांजच्याला म्या परत फोन केला. म्हनलं, सांगितलं का सरांनी?"

"मग?"

"म्हनल्या, आज माझ्या खोलीत लई मानसं हुती गं. सरांना बोलताच आलं न्हाई."

सुनंदा, त्या दिवशी त्या खोलीत आपण दोघंच होतो.